हिरड्याची सावली

घोडेगावात आमच्या मागच्या दोन परसांमध्ये मेंदीचं कुंपण आहे. मेंदी दाट वाढली आहे, पण बोलणं अडेल इतकी नाही. अलीकडे वहिनी धुणं वाळत घालत होत्या, पलीकडे मावशी सुपात हिरडा निवडत बसल्या होत्या. मावशींचं माहेर आहुप्याकडचं.

"मावशी, भाचा आलाय पुण्याहून. दिवसभर मोबाइलवर खेळ. त्यात म्हणे एक फळ आहे, ते खाल्लं की माणूस उडतो!"

"आणि उतरतो कसा?"

"दुसरं फळ खाऊन."

"मग ते दुसरं खरं कामाचं. त्याला म्हणावं, आमच्याकडं खायचीसुद्धा गरज नाही. झाडाखाली नुसतं उभं राहिलं तरी माणूस उडतो. थेट परसाकडं!"

"काहीतरीच!"

"अगं, वैद्यांनी पोथीतनं वाचून दाखवलंय. भावमिश्रांचा भावप्रकाश. चारशे वर्षांच्या वरची पोथी. हिरड्याच्या सात जाती, त्यातली एक चेतकी. तिच्या सावलीत माणूस जाऊ दे, गुरं-पाखरं गेली तरी त्यांना ढाळ लागतात. आणि हातात धरलीस, तर धरलीयेस तोवर थांबायचं नाव नाही."

"अगं बाई! मग तुमच्या आहुप्यात हंगामाला काय होत असेल?"

"तेच तर विचारलं मी वैद्यांना. होळी झाली की आम्ही झाडाखालीच. गडी वर चढून झोडपायचे, आम्ही बायापोरं खाली दिवस मावळेस्तोवर वेचायचो. कुणाला काही झालं नाही. आणि व्हायला पोटात असायचं काय? वैद्य म्हणाले, ती चेतकी हिमालयातली. असंल बाई. नवलाचं सगळं लांबच पिकतं."

वहिनी हसल्या आणि साडीचा पदर पिळायचा विसरल्या.

"पण गुण आहे हो त्यात," वहिनी म्हणाल्या. "बाळगुटीत उगाळतोच की आपण."

"तो बाळहिरडा. आठळी धरायच्या आत उतरवलेला, वाळून काळा झालेला. पिकून मोठा होतो तो सुरवारी. गुणाचं काय सांगू? चावून खाल्ला तर भूक लागते, वाटून घेतला तर पोट साफ होतं, आणि उकडून खाल्लास तर उलटं पोट बांधतं. एकच फळ, पण जसं वागवशील तसं वागतं. माझ्या थोरल्या जावेसारखं."

"इश्श! ऐकतील त्या."

"ऐकू दे. मीठ सोडून पाचही चवी आहेत त्यात. म्हणून पावसाळ्यात सैंधवाबरोबर घ्यायचा, थंडीत सुंठीबरोबर, उन्हाळ्यात गुळाबरोबर. इंद्र अमृत पीत होता, त्याचा थेंब खाली सांडला आणि त्यातनं हे झाड उगवलं म्हणतात."

"देवांनासुद्धा धड पिता येत नाही!"

"सांडलं म्हणून तर आपल्याला मिळालं. थोरला लडाखला गेला होता, तिथल्या गोंपात औषधाचा बुद्ध पाहिला त्यानं. उजव्या हातात काय, तर हिरडा! मला म्हणतो, आई, तुझं सूप तिथं देवाच्या हातात आहे."

"आणि इथं?"

"इथं व्यापाऱ्याच्या काट्यावर." मावशींनी सूप जरा जोरात पाखडलं. "ओला आहे म्हणतो, पुरता काळा नाही म्हणतो, बुरशी आहे म्हणतो. त्याला चामडं कमवायला लागतो, कापड रंगवायला लागतो, औषधाच्या कारखान्याला तर लागतोच. माझा आजा हिराकस घालून त्याची शाई करायचा. एवढ्या ठिकाणी लागतो, पण भाव विचारला की म्हणतो, यंदा उठाव नाही! आणि आपलं माणूस उंच फांदीवर. पाय सटकला तर त्याचं कोण बघणार? आमच्याकडं पोरांच्या वह्या, लग्नातला बस्ता, दवाखाना, सगळं ह्याच दोन-तीन महिन्यांच्या पैशावर."

"महामंडळ घेतं ना?"

"आदिवासी विकास महामंडळ? घेतं तेव्हा घेतं. बाजारात काट्याला दुसरा कुणी आला की व्यापाऱ्याची जीभ गोड होते, एवढा उपयोग आहे. पण २०२० च्या ३ जूनला ते निसर्ग वादळ आलं, आठवतं? इथं आपली कौलं उडाली म्हणून आपण रडलो. वर जुन्नर-आंबेगावच्या डोंगरात झाडंच्या झाडं मोडली, वाळवणं भिजली. पंचनामे झाले, भरपाईसाठी मोर्चे निघाले, वर्षं गेली. आंब्याची बाग पडली तर बाग पडली म्हणतात. हिरडा पडला तर म्हणे रानातलं झाड. अगं, आमच्यात वाटणीपत्रात भावाभावांत झाडं वाटलेली असतात. रानातलं कसं?"

वहिनींना यावर काही सुचलं नाही. त्यांनी बादलीतला शेवटचा टॉवेल झटकला.

"आणि गंमत ऐक," मावशीच पुढं म्हणाल्या. "हिरडा कुणी खायचा नाही, तेही पोथीत आहे. लांब चालून दमलेल्यानं, अंगात ताकद नसलेल्यानं, उपाशी राहून वाळलेल्यानं. म्हणजे वेचणाऱ्यानं खायचाच नाही! एवढं लिहिणारा आमच्याकडं येऊन गेला असणार, असं मला वाटतं."

"बरं मावशी, मूठभर द्या की. धाकट्या सुनेला चार दिवस झाले, पोट साफ होत नाही. अन्नावर वासना नाही, सकाळी मळमळतं नुसतं."

मावशींचा सुपातला हात थांबला.

"वासना नाही?"

"नाही."

"सकाळीच मळमळतं?"

"हो. काल आमटीला फोडणी दिली तर पदर नाकाला लावून बाहेर पळाली."

"मग नाही द्यायची मी. त्या यादीत पोटुशीचंही नाव आहे."

"अहो हळू बोला! कुणालाच सांगितलेलं नाही अजून. मलासुद्धा!"

"तुला नसंल सांगितलं. कैऱ्या मागायला परवा माझ्या दारात आली होती ती."