गुळगुळीत पायांवरचा रेझर

रेझरच्या जाहिरातीतली बाई बहुतेकदा आधीच गुळगुळीत असलेल्या पायावरून रेझर फिरवते. केस दाखवायची कंपनीला लाज वाटते, विकायचा मात्र केसांचाच धाक. धंदा जुना आहे. 1915 मध्ये जिलेटने बायकांसाठी खास रेझर काढला, तो काखेसाठी. पायांची पाळी दुसऱ्या महायुद्धात जोरात आली. नायलॉन पॅराशूटकडे गेलं, मोजे मिळेनात, म्हणून अमेरिकेतल्या बायका पायांना रंग फासून मोजे घातल्याचा आभास करू लागल्या. रंगाखाली केस कसे चालतील?

आपल्याकडे रेझरला विरोध होतो तो ‘केस राठ येतील’ म्हणून. तसं होत नाही, हे शरीररचनाशास्त्रज्ञ मिल्ड्रेड ट्रॉटर यांनी 1928 मध्येच प्रयोगातून दाखवलं. कापलेलं टोक बोथट असतं, म्हणून खुंट टोचतात, एवढंच. पण पार्लरवाल्या ताईंपुढे ट्रॉटरबाईंचं काय चालणार!

खरी गंमत नवऱ्याच्या जुन्या रेझरची. त्याच्या गालाला चालेनासं झालेलं पातं हिच्या पोटरीला चालतं, हा घरगुती काटकसरीचा हिशेब. त्यात जंतूही फुकट. मग घाईघाईत, कोरड्या पायावर, उलट्या दिशेने खरवडायचं आणि पुरळ उठलं की ‘हिची स्किनच सेन्सिटिव्ह’. कोमट पाणी, जेल, स्वतःचं धारदार पातं, केसांच्या दिशेने हलका हात, नंतर बिनवासाचं मॉइश्चरायझर, इतकं साधं काम. पण शेजारच्या काकूंचा सल्ला असतो सुगंधी लोशनचा. आग झाली म्हणजे लागू पडलं म्हणे!