झाडामागे पन्नास

३ जून २०२०. वाहिन्यांची पोरं सकाळपासून मुंबईच्या किनाऱ्यावर रेनकोट घालून उभी होती. माइक भिजवून झाले, छत्र्या उलट्या करून दाखवून झाल्या, आणि ऐन वेळी वादळाने मुंबईला हूल दिली. दुपारनंतर सगळीकडे एकच सूर : संकट टळलं. त्या वाचलेल्या मुंबईत मीही होतो. बायकोने कांदाभजी तळली.

संकट टळलं म्हणजे ते काही हवेत विरघळलं नव्हतं. ताशी ११० ते १२० किलोमीटर वेगाने ते अलिबागच्या दक्षिणेला किनाऱ्यावर चढलं, आणि दिवेआगर, श्रीवर्धन, मुरूड, खाली मंडणगड-दापोलीपर्यंत माड, पोफळी, कौलं, पत्रे, विजेचे खांब असं जे उभं दिसेल ते आडवं करत गेलं. मुंबईची भाषा अशी आहे की तिच्यावर न पडलेली गोष्ट कुठेच पडलेली नसते.

वादळाचं नाव होतं ‘निसर्ग’. ते बांगलादेशाने सुचवलेलं. इतकं सोयीचं नाव आपल्या सरकारी खात्यांनाही सुचलं नसतं. ‘निसर्गामुळे नुकसान’ असं फाइलवर लिहिलं की निम्मं काम झालं. निसर्गापुढे कुणाचं काय चालतं? खांब गंजलेले होते, तारा माडांच्या झावळ्यांतून गेल्या होत्या, हे सगळं त्या नावाखाली झाकलं गेलं. कित्येक गावं महिनाभर अंधारात होती. आमच्या काकांच्या गावात एक जनरेटर आला, त्यावर लोक रांग लावून मोबाइल चार्ज करायचे आणि चार्ज झालेला मोबाइल घेऊन टेकडीवर रेंज शोधायला जायचे. रेंज मिळाली की मुंबईहून फोन यायचा, “तुमच्याकडे फार नाही ना झालं? टीव्हीवर काही दाखवलं नाही.”

पुढच्या वर्षी, मे २०२१ मध्ये, ‘तौक्ते’ आलं. हे नाव म्यानमारचं, अर्थ पाल. तेव्हाच कुणाच्या तरी मनात चुकचुकायला हवी होती. हे वादळ कोकणात चढलं नाही, किनाऱ्याला खेटून वर गुजरातेत गेलं. जाता जाता सिंधुदुर्ग-रत्नागिरीत झाडावरचा उरलेला हापूस खाली उतरवून गेलं. बॉम्बे हायजवळ पी-३०५ हा तराफा बुडाला आणि सत्तरहून अधिक माणसं गेली. वादळाचा इशारा काही दिवस आधीपासून होता. यावर तिरकस लिहिण्यासारखं काही नाही.

मग दौरे. गुजरातला पंतप्रधानांची विमानातून पाहणी झाली आणि हजार कोटी जाहीर झाले. आपल्याकडे मुख्यमंत्र्यांची जमिनीवरून पाहणी झाली. पुढचा आठवडाभर राज्यात चर्चा रंगली ती एकाचा दौरा किती तासांचा आणि दुसऱ्याचं विमान किती उंचीवर, याची. पडलेल्या झाडाला दोन्हींकडून सारखंच दिसत असावं.

पण माझा विषय झाड नाही, झाडाचा हिशेब आहे. कोकणात हेक्टर नावाची वस्तू सातबाऱ्याखेरीज कुठे सापडत नाही. आमच्याकडे सोयरीक जमवतानाही विचारतात ते किती माड, किती कलमं, किती पोफळी. वाडी गुंठ्यांत असते. तिच्यात माड, माडाच्या सावलीला पोफळ, पोफळीवर चढलेली मिरवेल, मध्ये केळी, कोपऱ्यात जायफळ अशी चाळीतल्या बिऱ्हाडांसारखी झाडं एकमेकांच्या आधाराने राहतात. आणि ‘निसर्ग’च्या वेळी नुकसानभरपाईचा केंद्राचा निकष होता फळबागेला हेक्टरी १८,००० रुपये. म्हणजे गुंठ्याला १८० रुपये. राज्याने मोठं मन करून तो आकडा हेक्टरी ५०,००० वर नेला, तोही दोन हेक्टरांच्या मर्यादेत. (ही मर्यादा वाचून आमचे काका पहिल्यांदा हसले. दोन हेक्टर वाडी असलेला माणूस त्यांनी फक्त सिनेमात पाहिला होता.)

आता गुंठ्याला झाले पाचशे. पोफळ शास्त्रोक्त अंतरावर, म्हणजे पावणेतीन मीटरवर लावली तर गुंठ्यात तेरा-चौदा बसतात. भागाकार केला की एका पोफळीला येतात छत्तीस-सदतीस रुपये. कोकणात ओरड झाली. तेव्हा सरकारने हेक्टर सोडून झाडं मोजायचं ठरवलं, आणि हे मान्य करायला हवं की कोकणाला कळेल अशा भाषेत सरकार बोललं ते हे पहिल्यांदाच. दर ठरला : माडाला २५० रुपये, पोफळीला ५०.

पन्नास रुपये. श्रीवर्धनची रोठा सुपारी नावाजलेली. रोप लावायचं, पहिली काही वर्षं केळीच्या सावलीत जपायचं, उन्हाळाभर शिंपायचं, आणि पाचव्या-सहाव्या वर्षी पहिला घड दिसला की देवाला नारळ फोडायचा. पुढे ती पोफळ तुमच्या नातवालाही पुरते. एवढ्या संसाराचे पन्नास. पडलेलं खोड तोडून वाडीबाहेर काढणारा गडी त्याहून कितीतरी जास्त घेतो, म्हणजे झाड पडलं तिथेच पडू दिलं तर पन्नास रुपये नफा आणि उचललं तर तोटा. मिरवेलीला तर फॉर्ममध्ये रकानाच नव्हता. काकांनी विचारलं, तेव्हा उत्तर मिळालं, “ती झाडावर होती ना? मग झाडातच धरा.”

वादळाला निदान वर्ग नसतो, पंचनाम्याला असतो. ‘पूर्णतः’ आणि ‘अंशतः’ हे दोन शब्द त्या उन्हापावसात गावोगाव देवदूतासारखे फिरत होते. पूर्ण पडलेल्या घराला आधी ९५,१०० होते, ते दीड लाख केले. घर अंशतः पडलं असेल तर मात्र तुमचं नशीब. छप्पर पूर्ण गेलं, भिंती उभ्या, तर ते घर पडलं की उभं आहे? काकांच्या शेजारच्या आजीने पंचनाम्याला आलेल्या माणसाला शांतपणे सांगितलं होतं, “बाबा, तू आत जाऊन उभा राहा, पाऊस येईल इतक्यात, मग तूच ठरव.”

तौक्तेनंतर दोन महिने झाले आणि २२ जुलै २०२१ ला चिपळूण बुडालं. वाशिष्ठी आणि शिव या दोन नद्या, वर सह्याद्रीत कोसळलेला पाऊस, खाली खाडीची भरती. बाजारपेठेत पहिल्या मजल्यापर्यंत पाणी. कोविडच्या रुग्णालयात वीज गेली आणि माणसं दगावली. १८६४ सालचं लोकमान्य टिळक स्मारक वाचन मंदिर २००५ च्या पुरात एकदा भिजलं होतं, ते पुन्हा भिजलं. कोकणात ग्रंथसंपदा म्हणजे दर पंधरा-सोळा वर्षांनी वाळत घालायची गोष्ट.

त्या दिवशीचं एक चित्र मात्र सगळ्यांनी पाहिलं. एसटीच्या आगारात पाणी भरलं तेव्हा आगारप्रमुख महामंडळाची सुमारे नऊ लाखांची रोकड घेऊन एका बसच्या टपावर तासन्‌तास बसून राहिले. माणूस सलाम करण्यासारखा. पुढे दुकानदारांच्या मदतीचा निर्णय आला : नुकसानीच्या ७५ टक्के किंवा ५० हजार, यांतलं जे कमी असेल ते. टपरीला वरची मर्यादा १० हजार. तेव्हा माझ्या ध्यानात आलं की त्या टपावर अठरा दुकानांची भरपाई बसली होती.

‘यांतलं जे कमी असेल ते’ हे वाक्य मला मराठी प्रशासकीय गद्याचा कळस वाटतं. कापड दुकानात सणासुदीचा माल भरलेला, त्याची चिखलाने खिचडी झालेली, आणि त्याच्या ७५ टक्क्यांचं गणित करणारा माणूस खाली येतो ५० हजारांवर. मग टक्के तरी कशाला काढायला लावले? उत्तर सोपं आहे. टक्के काढायला बिलं लागतात, बिलं पुरात गेलेली असतात, आणि बिलं नसतील तर तेवढीच बचत.

पाणी कशाने चढलं यावर दोन मतं होती. लोक म्हणत, कोयनेची वीज करून झालेलं पाणी कोळकेवाडीमार्गे वाशिष्ठीतच येतं, ते त्या रात्री सोडलं. प्रशासन म्हणे, पाऊस. अभ्यासाला समिती नेमली. दरम्यान नदीत बसलेला गाळ कुणाच्याच मताची वाट न पाहता तिथेच बसून होता. शेवटी त्या डिसेंबरात चिपळूणकर साखळी उपोषणाला बसले. नदीचं पोट मोकळं व्हावं म्हणून माणसांनी आपलं पोट रिकामं ठेवायचं, असा हा व्यवहार. मग यंत्रं आली, गाळ निघू लागला.

आणि आल्या रेषा. निळी रेषा म्हणजे पंचवीस वर्षांतून एकदा येणारं पाणी, लाल म्हणजे शंभर वर्षांतून एकदा. नकाशावर त्या ओढल्यावर कळलं की शहराचा मोठा भाग रेषेच्या आत आहे, म्हणजे बांधकामाची परवानगी अडली. ज्या शहराने २००५ ला आणि २०२१ ला भिंतींवर चिखलाची रेषा स्वतः पाहिली, त्याला कागदावरची दाखवून सांगायचं की बाबारे, तू पाण्यात आहेस. लोक चिडले. मला चिडणाऱ्यांची आणि रेषा ओढणाऱ्यांची, दोघांचीही दया आली. नदी काही खोटं बोलत नव्हती आणि घर उचलून डोंगरावरही नेता येत नाही. डोंगराची गोष्ट त्याच दिवशी महाडजवळच्या तळियेने सांगून टाकली होती, जिथे दरडीखाली अख्खी वाडी गेली.

काकांकडे परत येतो. त्यांच्या बारा गुंठ्यांत ११८ पोफळी आणि ९ माड पडले. पोफळींचे ५,९०० आणि माडांचे २,२५०, एकूण ८,१५० रुपये. पंचनामा झाला, सही झाली, यादी लागली, आणि मग कुणीतरी सातबारा उघडला. सातबाऱ्यावर सतरा नावं. कोकणातल्या सातबाऱ्याला सतरा म्हणजे आटोपशीरच. दोघे वारले आहेत आणि वारसनोंद ‘चालू’ आहे, एक कॅनडात, एक फणसाच्या भांडणापासून काकांशी बोलत नाही. पैसे काकांच्या खात्यात जमा करायचे तर इतरांचं संमतीपत्र हवं. माणशी हिस्सा ४७९ रुपये. संमतीपत्राला स्टँपपेपर, वर नोटरी, वर कुरिअर.

काकांनी सगळ्यांना फोन केले. पहिलं संमतीपत्र कॅनडातून आलं. फणसवाल्याचंही आलं, अर्थात पाकिटावर काकांचं नाव न लिहिता.

सतरांपैकी एक नाव माझं. तेव्हा टाळेबंदी होती, नोटरी बंद होता, मग नोटरी उघडला आणि मी विसरलो. मध्ये मी या सदरात सरकारी दिरंगाईवर तीन लेख लिहिले. एकाचं बरंच कौतुक झालं.

यंदा शिमग्याला गावी गेलो. वादळानंतर लावलेल्या पोफळींपैकी दोन-तिघींना पहिला घड धरला होता. काकांनी सोललेल्या सुपाऱ्या ओटीवर आणल्या, बोटांनी सतरा मोजून एका ओळीत मांडल्या, आणि एक उचलून माझ्या हातावर ठेवली.

“ही तुझ्या हिश्श्याची,” म्हणाले. “हिला संमतीपत्र लागत नाही.”