साहेब, जरा दम द्या ना!

ठाणे अंमलदारासमोरच्या बाकावर दोन माणसं हमखास सापडतात. एकाचं भाडं थकलेलं असतं, दुसऱ्याचं डिपॉझिट अडकलेलं. भांडण उलटं असलं तरी मागणी एकच: 'साहेब, केस वगैरे नको, एक फोन करून जरा दम द्या.' कायद्याच्या कुठल्याही पुस्तकात न छापलेलं हे 'दम' नावाचं कलम राज्यात सर्वाधिक लागू आहे.

साहेब नियमाप्रमाणे म्हणतात, 'ही दिवाणी बाब आहे, कोर्टात जा.' आणि गंमत म्हणजे साहेबांचं बरोबर असतं. भाडं न देणं हा तेव्हाच्या भारतीय दंड विधानाखाली गुन्हा नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं २०२२ मध्ये स्पष्ट केलं आणि एका भाडेकरूवर दाखल झालेला गुन्हा रद्द केला. वसुलीसाठी न्यायालयं आहेत. मुंबईत धोबीतलावला लघुवाद न्यायालयाची अख्खी इमारत आहे. पण न्यायालयात तारीख मिळते आणि ठाणं रात्री अकरालाही उघडं असतं. मग माणूस जाणार कुठे?

अडचण एवढीच, की बाब दिवाणी आहे की नाही हे ठाण्यात कोण आलंय यावरून ठरतं. डिपॉझिटसाठी भाडेकरू आला, की बाब शंभर टक्के दिवाणी. 'भिंतीला खिळे ठोकलेत, रंगाचे पैसे कापणारच ना मालक!' असा हिशेबही हवालदार तोंडी करून देतात. घरमालकानं पाणी तोडलं, तरी दिवाणीच. (भाडेनियंत्रण कायद्यानं ते शिक्षापात्र ठरवलंय, पण ते पुस्तक कपाटात आणि कपाटाची किल्ली रजेवर.) तोच मालक 'भाऊं'चा फोन लावून आला, की बाब एकदम 'शांततेला बाधा' होते. संध्याकाळी भाडेकरूच्या दारात दोन शिपाई 'नुसती समजूत घालायला' उभे. सोसायटीतली सगळी दारं इंचभर उघडतात आणि महिन्याचं भाडं रात्रीत जमा होतं. पावती मात्र कुणालाच मिळत नाही.

आता खरी मौज. मालक पुरावा म्हणून टेबलावर ठेवतो तो पाचशेच्या स्टॅम्पपेपरवरचा, नोटरीचा, अकरा महिन्यांचा करार. महाराष्ट्र भाडेनियंत्रण कायदा, १९९९ च्या कलम ५५ नुसार लीव्ह अँड लायसन्सचा करार लेखी आणि नोंदणीकृतच हवा. नोंदणीची जबाबदारी मालकाची. ती टाळली तर तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही. शिवाय अटींवरून वाद झाला तर विरुद्ध सिद्ध होईपर्यंत भाडेकरूचं म्हणणं ग्राह्य. म्हणजे त्या खोलीत कायद्यानं शिक्षा होऊ शकेल असा इसम एकच, आणि चहा त्यालाच!

तेव्हा सरकारनं हा व्यवहार रीतसर करून टाकावा. फोनवरून समज, दारात येऊन समज, ठाण्यात बसवून समज, असे तीन दर फलकावर लावावेत, वर जीएसटी. निदान तिजोरीत काही पडेल.

तोवर भाडेकरूंनी डिपॉझिट रोख देऊ नये. बँकेतून द्यावं आणि घर सोडताना भिंतींचे फोटो काढून ठेवावेत. घरमालकांनी दम मागायला खुशाल जावं, फक्त तो नोटरीचा कागद घरी ठेवून जावं. एखादा नवा फौजदार कायदा वाचून आलेला असू शकतो.