घंगाळाची वाटणी

आमच्या घराण्यातील पितळी घंगाळाची वाटणी गेली बावीस वर्षे प्रलंबित आहे, आणि ती तशीच प्रलंबित राहो, अशी लेखक या नात्याने माझी ईश्वरचरणी प्रार्थना आहे. घंगाळाच्या कडेला एक पोचा आहे. तो थोरल्या काकांच्या लग्नात पडला की धाकट्यांच्या मुंजीत, याविषयी उभयपक्षी कैफियती तयार आहेत. त्यात आंघोळीचे पाणी विसणण्याचे दिवस केव्हाच सरले, तरी त्यावरून तापलेली डोकी अद्याप कोणाला विसणता आलेली नाहीत. एवढ्या भांडवलावर मी तीन कथा आणि एक एकांकिका उभी केली.

याबाबतीत माझे आद्य गुरू व्यासमहर्षी. विचित्रवीर्य निपुत्रिक वारल्यावर सत्यवतीने कुलरक्षणार्थ आपल्या विवाहपूर्व पुत्रास पाचारण केले, आणि धृतराष्ट्र व पांडू यांचे पितृत्व खुद्द ग्रंथकर्त्याकडे आले. म्हणजे कौरव त्यांचे रक्ताचे नातू आणि पांडव, देवकृपेमुळे, केवळ कागदोपत्री. हिस्सेदारांच्या आजोबांनीच तंट्याची बखर लिहावी, हा पक्षपाताचा उघड मामला. पण एक लाख श्लोकांच्या लौकिकापुढे तक्रार गुदरणार कोण?

१७७३ साली शनिवारवाड्यात अठरा वर्षांच्या नारायणराव पेशव्यांचा खून झाला. चुलते राघोबादादांच्या ‘धरावे’ या हुकमातील ‘ध’चा ‘मा’ आनंदीबाईंनी केला, अशी आख्यायिका आहे. रामशास्त्री राघोबादादांना देहान्त प्रायश्चित्त सांगून मोकळे झाले. पण प्रकरण काही दप्तरदाखल झाले नाही, कारण १९०९ साली खाडिलकरांनी त्याचे ‘भाऊबंदकी’ हे नाटक केले. चुलत्या-पुतण्याने पानसुपारीवर समेट केला असता, तर इतिहासातला एक खून वाचला असता खरा, पण रंगभूमीचे नुकसान कोणी भरून दिले असते?

आपल्या काळात ‘चार दिवस सासूचे’ या मालिकेने त्या चार दिवसांचे तीन हजारांहून अधिक भाग केले. म्हणीतले सुनेचे चार दिवस अद्याप थकबाकीतच असावेत.

आणि अशा भरभराटीच्या काळात गेल्या आठवड्यात धाकट्या काकांचा निरोप आला, की घंगाळ मोडीत घालून पैसे निम्मेनिम्मे वाटून घ्यावेत. थोरले काकाही ‘बघू’ म्हणाल्याचे कळले, तेव्हा माझी अर्धी लिहिलेली कादंबरी मला डोळ्यांदेखत निराधार दिसू लागली. त्याच सायंकाळी मी सहज थोरल्या काकूंकडे चहाला गेलो, आणि उठता उठता एवढेच म्हणालो, “काकू, ते घंगाळ पितळेचे नसावे, रंगावरून मला तरी पंचधातूचे वाटते.”