अस्सलकाका

आमच्या अस्सलकाकांना खरं नाव आहे, पण ते आता फक्त लाइटबिलावर उरलंय. हापूस घेताना ते आधी आंब्याचं जन्मगाव विचारतात, मग भाव. अमृततुल्यात पातेल्याऐवजी मशीनचा चहा दिसला की उभ्या उभ्या परत फिरतात. बँकेतून निवृत्त झाल्यापासून खऱ्या-खोट्या नोटा ओळखायची सवय त्यांनी उरलेल्या जगावर सोडली आहे.

पुतणीनं मुळशीला, धरणाच्या काठी, डेस्टिनेशन वेडिंग ठरवलं. लग्नाला 'पेशवाई थीम' होती. सदाशिव पेठेतल्या मुलीनं पेशवाईसाठी ताम्हिणीच्या दिशेनं का जावं, हा प्रश्न काकांनी एकदाच विचारला आणि काकूंनी डोळे वटारल्यावर गिळला. मग इव्हेंटवाली मुलगी कार्यक्रम वाचून दाखवायला आली. "मंगलाष्टकांना सॅक्सोफोन, वरातीला डीजे आणि मुहूर्ताला बिस्मिल्ला खाँ."

"ते 2006 साली गेले," काका म्हणाले.

"पेनड्राइव्हवर आहेत, काका."

त्या क्षणी काकांनी वाजंत्र्यांचं खातं स्वतःकडे घेतलं. अट एकच होती : वादक जिवंत पाहिजेत. पण एका अटीवर थांबतील तर ते काका कसले! दुसऱ्या दिवशी भाच्याला घेऊन ते शनिवारवाड्यावर गेले आणि दिल्ली दरवाजावरच्या नगारखान्याकडे बोट करून म्हणाले, "हे असं हवंय." भाच्याला वाटलं, दरवाजा. तो बिचारा मांडववाल्याला फोन लावू लागला.

मग शोध सुरू झाला. पुण्यात वाजवणाऱ्यांची वाण नाही. प्रभात, दरबार, न्यू गंधर्व ही बँडची नावं विसर्जन मिरवणुकीमुळे पोरासोरांनाही पाठ. काका स्वतः दर अनंत चतुर्दशीला लक्ष्मी रोडच्या कडेला डोळे मिटून बँड ऐकतात. पण लग्नाला बँड नको, कारण पितळी वाद्यं साहेबानं आणली. पेटी चालेल. पेटीचं मूळ पॅरिसमध्ये आहे हे त्यांना सांगायची छाती आमच्या घरात कुणालाच नाही.

मधे चार दिवस सुंदरीचे गेले. हे सनईच्या कुळातलं, पण वीत-दीड वीत लांबीचं, गोड आवाजाचं वाद्य. ते सोलापूरच्या जाधव घराण्यानं नावारूपाला आणलं. काका फोनवर मोठ्यांदा "सुंदरी सोलापूरचीच हवी, खर्चाचं मी बघतो," असं म्हणाले तेव्हा काकू पोळ्या करत होत्या. पुढचा तपशील घराबाहेर आला नाही. सुंदरीचा विषय मात्र त्याच पोळीबरोबर करपला.

अखेर सनई-चौघडाच ठरला. 'सवाई'ची सुरुवात सनईनं होते, मग पुतणीच्या संसाराची का नको, असा त्यांचा बिनतोड मुद्दा. भोरकडचं एक घराणं कुणीतरी सुचवलं आणि त्यातला वादक मुलाखतीसाठी घरी आला. इथं पहिला घोटाळा झाला. काकांच्या मनातला सनईवाला साठीचा, गालफडं बसलेला, धोतरातला. आलेला मुलगा अठ्ठावीस वर्षांचा, जीन्समधला.

"शिक्षण?"

"आजोबांकडे. मग वडिलांकडे. मग बीकॉम."

बीकॉम ऐकून काकांनी चहा निम्माच प्यायला.

"बिस्मिल्ला खाँसाहेबांचं ते अस्सल बनारसी येतं का?" असं म्हणून काकांनी चाल गुणगुणली.

"हे 'गूंज उठी शहनाई'मधलं, साहेब. 1959चा सिनेमा. संगीत आपल्या वसंत देसाईंचं." आणि त्यानं पत्ती ओली करून ते वाजवलं. बरोबर आलेल्या धाकट्या भावानं सूर धरला. गाल टम्म फुगवून, नाकानं श्वास आत घेत, सूर तुटू न देता. दोन खोल्यांच्या ब्लॉकमध्ये सनई म्हणजे काय, ते ऐकल्याशिवाय कळायचं नाही. वरच्या मजल्यावरच्या आजी नवं पातळ नेसून खाली आल्या आणि "मुहूर्त कितीचा?" विचारू लागल्या.

बिदागीवर थोडं अडलं. "अस्सल कलाकार पैशाकडे बघत नाही," काकांनी ठेवणीतलं अस्त्र काढलं.

"मीही बघत नाही, साहेब. पैसे थेट खात्यात येतात."

मग काकांनी यादी दिली : फक्त नाट्यपदं, सिनेमाचं एकही नाही. हे मला नेहमी गमतीचं वाटतं. आज जी पदं आपल्याला थेट नगारखान्यातून उतरल्यासारखी वाटतात, ती 1911 साली 'मानापमान' रंगभूमीवर आलं तेव्हा कोरी करकरीत, लोकांनी तिकीट काढून ऐकलेली गाणी होती. तेव्हाही कुणीतरी काका असणारच, "हे काय नवीन खूळ!" म्हणणारे.

लग्नाच्या दिवशी वादक मोटारीतून उतरले तेव्हा काका पगड्या घेऊन उभे. पुणेरी पगडीला 2009 साली भौगोलिक मानांकन मिळालंय, त्यामुळे ती घातली की अस्सलपणाचा कागदोपत्री पुरावा होतो, असा त्यांचा हिशेब. पण भाड्याच्या पगड्या एकाच मापाच्या. गाल फुगले की पगडी भुवयांवर यायची. चौघडेवाल्याचे दोन्ही हात गुंतलेले, त्याला ती सारताही येईना. अंतरपाट दूर झाला, गुरुजी "वाजवा रे वाजवा" ओरडले, तेव्हा तो आंधळेपणानं, पण अचूक ठेक्यावर सुटला. माझ्या शेजारच्या इंजिनिअर पोरांनीही मोबाइल खाली ठेवले, एवढं मी डोळ्यांनी पाहिलं.

पंगती उठल्यावर नवऱ्याच्या मित्रांनी फर्माईश केली, 'झिंगाट'. सनईवाल्यानं काकांकडे पाहिलंच नाही. पगडी काढून खुर्चीवर ठेवली आणि उचलली सनई. चौघड्यावर ते असं काही जमलं की डीजेवाला वायर गुंडाळता गुंडाळता थांबला. गुरुजींचा पाय हलत होता. काकू नाचत होत्या.

आम्ही सगळे काकांच्या चेहऱ्याकडे बघत होतो. भाच्याला राहवेना. मीठ चोळायला तो म्हणाला, "काका, 'सैराट'च्या संगीतासाठी तर हॉलिवूडला जाऊन गोऱ्यांचा वाद्यवृंद रेकॉर्ड केला होता."

काकांनी क्षणभर विचार केला. "गोरे का असेनात," ते म्हणाले, "जिवंत होते ना?"