आठची गोळी

प्रकृती विचारली की आबा आधी बसून घेतात. उभ्याउभ्या सांगून होण्यासारखं ते प्रकरणच नाही. शहापूर-किन्हवली-सरळगाव-मुरबाड या एष्टीच्या वाटेवर गावागणिक असा एक आबा निघतो. आमच्या वाट्याचा आमच्या शेजारीच राहतो. शहापूरच्या डॉक्टरचा गुण आला की आबा मुरबाडच्या डॉक्टरकडे जातात. कारण बरं वाटलं म्हणजे निदान चुकलं. रिपोर्ट ‘नॉर्मल’ आला की दोन दिवस अन्नाला शिवत नाहीत. म्हणजे तांदळाची भाकरी आणि सुकट सोडून.

घरचे हे सोसतात त्याला कारण आहे. समृद्धी महामार्गात जमीन गेली आणि मोबदला आबांच्या एकट्याच्या खात्यात आला. थोरल्याला गाळा घ्यायचाय, त्यासाठी आबा बँकेपर्यंत चालत जातील इतके ठणठणीत हवेत. धाकट्याला मृत्युपत्र हवंय, म्हणून तो त्यांना रोज थोडे जास्त आजारी ठरवतो. थोरली सून काढा उकळते, धाकटी त्यात गुपचूप साखर घालते. आणि नातीच्या स्थळांबाबत आबांची अट एकच: मुलगा मेडिकलवाला हवा.

त्या नातीनं एका रात्री मोबाइल टीव्हीला जोडला आणि फ्रेंच नाटककार मोलिएरचं नाटक लावलं. शिवरायांच्या राज्याभिषेकाच्या आदल्या वर्षी, १६७३ साली पॅरिसमध्ये रंगमंचावर आलेलं. त्यातला आर्गां पडदा उघडताच औषधवाल्याची बिलं मांडून बसतो आणि पोरीसाठी डॉक्टर नवरा ठरवतो. आबांना फ्रेंच येत नाही, पण एनिमा बरोबर कळला. आजोबा ओशाळतील असं नातीला वाटलं होतं. आबा म्हणाले, “माणूस खरा आजारी हाय गं. घरचे कसे हायेत बघ!” आर्गांची भूमिका करणारा मोलिएर स्वतःच चौथ्या प्रयोगानंतर काही तासांत वारला, हे तिच्या तोंडून निघून गेलं. आबा उठून बसले. “मंग? मी येवढी वर्सं काय सांगतोय?”

नाटकातली एक युक्ती मात्र त्यांनी उचलली. आर्गां मेल्याचं सोंग घेऊन बायकोचं मन जोखतो. दुसऱ्या सकाळी आबा ओटीवर ताठ पडलेले. हंबरडा दोघांनीही फोडला. मग थोरला पासबुकासाठी कपाटाकडे गेला, धाकटा वकिलाचा नंबर शोधू लागला. आजी म्हशीची धार काढून आल्या. त्यांनी एकवार नवऱ्याकडे पाहिलं, चरवी खाली ठेवली.

“आवं, आठची गोळी राह्यली.”

“कंची, पांढरी?” डोळे न उघडता आबांनी विचारलं.