ज्ञानास शाल व श्रीफळ

महाराष्ट्रातल्या सरकारी कचेरीत ३१ मे रोजी दुपारनंतर कामाला जाऊ नये. गेलात तर पेढा मिळेल, दाखला मिळणार नाही. सभागृहात समोर खुर्च्यांची ओळ मांडलेली असते आणि गळ्यात हार घातलेले चार-पाच जण तिथं अवघडून बसलेले असतात. वर्षात बारा महिने असताना एवढी माणसं एकाच दिवशी निवृत्त का होतात, याचं उत्तर वित्त विभागाकडे नाही. ते पन्नासेक वर्षांपूर्वीच्या खेड्यातल्या शाळेत आहे. पोराला शाळेत घालायला आलेल्या आईला गुरुजी जन्मतारीख विचारायचे, आणि ती सांगायची, ‘मोठा पूर आला तेव्हाचा आहे.’ गुरुजींच्या रजिस्टरात पुराला रकाना नव्हता. शाळा जूनमध्ये भरायची, वय त्याच महिन्यात बसवायचं होतं, म्हणून गुरुजींनी १ जून टाकली. मग पुढच्या पोरालाही टाकली. सेवानियम असा, की एक तारखेला जन्मलेला माणूस आदल्या महिन्याच्या अखेरच्या दिवशी निवृत्त होतो. अठ्ठावन्न वर्षं भरली की ही सगळी बॅच ३१ मे रोजी कचेरीतून बाहेर पडते आणि राज्य सरकारची अर्धी स्मरणशक्ती रिक्षात बसून घरी जाते. सोबत शाल, श्रीफळ आणि भिंतीवरचं घड्याळ.

भाषणं होतात. साहेब म्हणतात, ‘भाऊसाहेबांच्या जाण्यानं निर्माण झालेली पोकळी भरून निघणार नाही.’ सरकारनं शब्दशः पाळलेलं हे एकमेव आश्वासन. पद रिक्त राहतं, आणि त्या टेबलाचा अतिरिक्त कार्यभार शेजारच्या टेबलावर सरकतो, जिथं आधीच दोन टेबलांचा कार्यभार असतो.

पण सरकार बेसावध आहे असं मात्र कुणी समजू नये. निवृत्त होणाऱ्याकडून कार्यभार रीतसर काढून घेतला जातो. यादी होते, दोघांच्या सह्या होतात. कपाटं दोन, लोखंडी. चाव्या तीन, पैकी एक लागत नाही. खुर्ची एक, हात नसलेली. पंखा, शिक्के, नोंदवह्या. जडसंग्रह नोंदवहीशी सगळं ताडून पाहिलं जातं आणि एक पेपरवेट कमी भरला तर ‘ना देय’ दाखला अडतो. आता त्या कपाटातली कुठली फाइल कुठल्या फाइलीची सावत्र बहीण आहे, मंत्रालयातून एकाच विषयावर आलेल्या सहा पत्रांपैकी खरं कुठलं, गावातला कुठला वाद प्रत्यक्षात जमिनीचा नसून दोन भावांच्या १९८६ सालच्या भांडणाचा आहे, हे सगळं भाऊसाहेबांच्या डोक्यात असतं. डोकं जडसंग्रहात येत नाही. त्यामुळे ते सोबत नेलं तरी कुणाची हरकत नसते.

कायद्याचा न्यायही बघा. महाराष्ट्र सार्वजनिक अभिलेख अधिनियम, २००५ प्रमाणे सरकारी कागद बेकायदा नष्ट केला तर पाच वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. त्याच कागदाचा अर्थ डोक्यात घालून कायमचे घरी गेलात, तर निवृत्तिवेतन मिळतं.

जपानच्या नोनाका आणि ताकेउची या दोन प्राध्यापकांनी १९९५ साली एका पुस्तकात मांडलं, की संस्थेचं खरं ज्ञान माणसांच्या अंगात मुरलेलं असतं. ते बोलण्यातून, लिहिण्यातून बाहेर काढावं आणि पुढच्यांच्या अंगात पुन्हा मुरवावं. आमच्याकडे ज्ञानाऐवजी प्रकरणं मुरवत ठेवतात. पण म्हणून ज्ञान हस्तांतराची पद्धतच नाही असं नव्हे. नवा महसूल सहायक रुजू झाला, की त्याला एक वाक्य सांगितलं जातं : ‘मागचं प्रकरण बघा.’ तो मागच्या प्रकरणातली टिपणी घेतो, नाव बदलतो, गट नंबर बदलतो आणि साहेबांपुढे ठेवतो. ज्या टिपणीवरून त्यानं ही घेतली, तीही तिच्या मागच्या टिपणीवरून घेतलेली असते. अशी एक शुद्धलेखनाची चूक आमच्या तालुक्याच्या कचेरीत पाच तहसीलदारांच्या सह्यांनिशी प्रमाणित झालेली आहे. आता ती दुरुस्त करायला शासन निर्णयच लागेल.

भाऊसाहेब आपण होऊन का शिकवत नाहीत? हा प्रश्न फक्त प्रशिक्षण संस्थांमधल्या व्याख्यात्यांना पडतो. कचेरीत सगळ्यांना उत्तर माहीत असतं. ज्या माणसावाचून टेबल चालत नाही त्याची बदली होत नाही. बदल्यांचा कायदाही २००५ चाच. एका पदावर साधारण तीन वर्षं. पण ‘प्रशासकीय निकड’ नावाची एक खिडकी त्यात आहे, आणि जो ज्ञान वाटत बसत नाही त्याला त्या खिडकीतून वारा बरा येतो. वाटणाऱ्याची गडचिरोली होते. मग कुणी कशाला वाटेल?

साहेबांचं उलट. त्यांची तीन वर्षं बहुधा पूर्ण होतच नाहीत, त्यामुळे त्यांना ज्ञान मिळवण्यापेक्षा अभियान काढणं परवडतं. अभियानांची आमची परंपरा मोठी आहे, आणि तिच्या मुळाशी एक खरोखर चांगलं काम आहे हे आधी कबूल केलं पाहिजे. १९८०च्या दशकात अहमदनगरचे, म्हणजे आजच्या अहिल्यानगरचे, जिल्हाधिकारी अनिलकुमार लखिना यांनी कचेरीची बैठक आणि अभिलेखांची मांडणी अशी बदलली, की मागितलेला कागद बसल्या जागी सापडू लागला. सरकारी कचेरीत कागद सापडतो, ही बातमी देशभर गेली. ‘लखिना पॅटर्न’ हे नाव पडलं. बघायला शिष्टमंडळं आली. त्यानंतर जे घडलं ते आपल्याकडे प्रत्येक पॅटर्नचं घडतं : पॅटर्न फाइलीत गेला. पुढे सहा गठ्ठ्यांची पद्धत आली. प्रलंबित, प्रतीक्षाधीन, नियतकालिकं, स्थायी आदेश, अभिलेख कक्षात पाठवायची आणि नष्ट करायची. मग आयएसओ प्रमाणपत्रं आली, भिंतींना रंग लागले. मग ‘झिरो पेंडन्सी’ आली. प्रत्येक अभियानाचा अहवाल, छायाचित्रं आणि खर्चाची बिलं जपून ठेवणं बंधनकारक असल्यामुळे आमच्याकडे सातवा गठ्ठा तयार झाला आहे. अभिलेखांच्या वर्गवारीत ‘अ’ म्हणजे कायम, ‘ब’ तीस वर्षं, आणि ‘ड’ वर्षभरात फाडायचं. अभियानांचे अहवाल ‘अ’ मध्ये आहेत.

शिक्षणाचीही आबाळ नाही. विभागीय परीक्षा असते. ती दिलेल्या मुदतीत आणि दिलेल्या संधींत उत्तीर्ण व्हावी लागते, नाहीतर ज्येष्ठता घसरते. मात्र अनेक संवर्गांत पंचेचाळीस वर्षं पूर्ण झाली, की परीक्षेतून सूट मिळते. म्हणजे चव्वेचाळीस वर्षं तीनशे चौसष्ट दिवसांपर्यंत जो माणूस नियमांच्या बाबतीत अडाणी, तो दुसऱ्या दिवशी सकाळी उठतो आणि सज्ञान असतो. जगातल्या कुठल्याही विद्यापीठाला हे जमलेलं नाही. आणि हा ज्ञानप्राप्तीचा दिवसही, वर सांगितल्याप्रमाणे, गुरुजींनीच ठरवून ठेवलेला.

आता तर शिक्षण मोबाइलवर आलं आहे. केंद्रानं २०२० साली ‘मिशन कर्मयोगी’ मंजूर केलं, आयगॉट नावाचं व्यासपीठ उभं केलं, आणि ऑक्टोबर २०२४ मध्ये शिक्षणाचा एक राष्ट्रीय सप्ताहही साजरा झाला, त्यात प्रत्येकानं किमान चार तास शिकावं अशी अपेक्षा होती. राज्यातल्या कर्मचाऱ्यांचीही खाती उघडून झाली आहेत. आमच्या कचेरीत एकजण ‘कामाच्या ठिकाणी ताणतणावाचं व्यवस्थापन’ हा अभ्यासक्रम करत होते. चित्रफीत आवाज बंद करून ड्रॉवरमध्ये चालू होती, ड्रॉवरच्या वर दुष्काळी अनुदानाच्या याद्या होत्या आणि याद्यांच्या पलीकडे चाळीस शेतकरी. ताणाचं व्यवस्थापन ड्रॉवरमध्ये, ताण टेबलावर. शेवटची प्रश्नावली, आधीच्या अभ्यासक्रमांप्रमाणेच, त्यांच्या सातवीतल्या मुलीनं रात्री सोडवली. तिला आता महसूल संहिता, कार्यालयीन शिस्त आणि माहितीचा अधिकार यांतलं बऱ्यापैकी कळतं. तिला अनुकंपा तत्त्वावर घ्यावं अशी आमची सूचना होती, पण त्यासाठी आधी वडिलांना मरावं लागतं असं आस्थापना शाखेनं निदर्शनास आणून दिलं.

माहितीच्या अधिकारावरून आठवलं. त्या कायद्याच्या चौथ्या कलमात प्रत्येक कार्यालयानं आपल्या अभिलेखांची सूची करावी आणि सतरा बाबी आपण होऊन जाहीर कराव्यात असं म्हटलं आहे. सतरा बाबींचा फलक दारात लागला आहे. त्यावरचे जनमाहिती अधिकारी गेल्या निवडणुकीच्या आधी बदलून गेले. सूचीचं म्हणाल तर ती आमच्या तालुक्यात एकाच माणसाकडे पूर्ण आहे, आणि तो अर्जदार आहे. त्यानं इतके अर्ज केले, इतकी अपिलं केली, की कुठला कागद कुठल्या खोलीत आहे हे आता त्यालाच ठाऊक. कर्मचारी त्याच्यावर चिडतात आणि फाइल सापडेनाशी झाली की त्यालाच हळूच फोन करतात. संस्थेची स्मृती संस्थेबाहेर, बिनपगारी आणि शत्रुपक्षात ठेवण्याची ही पद्धत स्वस्त आहे.

हे सगळं थट्टेवारी नेता येतं, पण २०२३ साली थोडी पंचाईत झाली. मराठा आरक्षणासाठी कुणबी नोंदी शोधायच्या म्हणून राज्यभरातले अभिलेख कक्ष उघडले. रुमाल सोडले, धूळ झटकली, आणि आत मोडी निघाली. शेकडो वर्षं या राज्याचा कारभार ज्या लिपीत चालला, जी विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत कचेरीत रोज लिहिली जात होती, ती वाचणारा माणूस कचेरीत नव्हता. कागद ‘अ’ वर्गात होता, कायम जपलेला. वाचणाऱ्याला कुठलाच वर्ग नव्हता. मग जिल्ह्याजिल्ह्यांत मोडी वाचकांचा शोध सुरू झाला. हौसेनं शिकलेले मास्तर, इतिहास संशोधक, जो मिळेल तो. त्या दिवसांत मोडी येणाऱ्या वृद्धांना आयुष्यात पहिल्यांदा तहसीलदारांनी स्वतःहून खुर्ची दिली.

असलं विसरभोळेपण आपलंच आहे असं वाटून मन खट्टू करून घेऊ नका. अमेरिकेनं अण्वस्त्रांत लागणारा ‘फॉगबँक’ नावाचा एक गोपनीय पदार्थ १९८०च्या दशकाअखेर बनवणं थांबवलं, पुढे कारखाना बंद केला. पुढे जुनी अस्त्रं नूतनीकरणाला आली तेव्हा तो कसा बनवायचा हेच कुणाला सांगता येईना. नोंदी अपुऱ्या, माणसं निवृत्त. कोट्यवधी डॉलर घालून पुन्हा बनवला तर तो नीट उतरेना. शेवटी कळलं, की पूर्वीच्या कच्च्या मालात एक मळ असायचा, त्या मळामुळेच पदार्थ साधायचा, आणि नव्या स्वच्छ प्रक्रियेत तो निघून जात होता. जुन्या कामगारांनाही त्या मळाची कल्पना नव्हती.

आमच्या कचेरीत असा मळ कंपाउंडच्या भिंतीला लागून होता. चहाची टपरी. नव्या माणसाला भाऊसाहेब टेबलावर कधीच काही सांगत नसत, पण अर्ध्या कटिंगनंतर सांगत. कुठल्या प्रकरणात मंडळ अधिकाऱ्याचा पंचनामा पुन्हा मागवावा, कुठल्या पत्राला उत्तर न देणं हेच उत्तर, सगळं तिथं. नव्या साहेबांनी बायोमेट्रिक हजेरी बसवली आणि स्वच्छता अभियानात टपरी हलवली. आवार चकाचक झालं. सहा महिन्यांत प्रलंबित प्रकरणं दुप्पट झाली, तेव्हा सल्लागार नेमला गेला. त्यानं पन्नास पानी अहवालात ‘अनौपचारिक ज्ञान-विनिमय केंद्रा’ची शिफारस केली. केंद्रासाठी ई-निविदा निघाली : अशा स्वरूपाचं केंद्र चालवल्याचा तीन वर्षांचा अनुभव, जीएसटी नोंदणी, बयाणा रक्कम.

चहावाल्यानं अर्ज केला. अनुभवाचा दाखला नसल्यानं तो अपात्र ठरला. त्याविरुद्ध अपील त्यानं दुसऱ्याच दिवशी दिलं. कोणत्या नमुन्यात लिहायचं, किती रुपयांचा कोर्ट फी स्टँप लावायचा आणि कुठल्या टेबलावर कुणाच्या हातात द्यायचं, हे त्याला कुणाला विचारावं लागलं नाही.